दोधूची मिशी

१२ सप्टेंबर

आज लोणखेड्याच्या कॉलेजात माझं व्याख्यान झालं. विषय त्यांनीच दिलेला, ‘एक दिग्दर्शक, अनेक वाटा’. शाल, नारळ, फुलं, सगळं यथासांग. मी मनापासून बोललो. वीस वर्षांत अहिराणीत विनोदी पिक्चर केले, भुताचे केले, दरोडेखोराचा केला, सासू-सुनेचा केला, देवीच्या गाण्यांचे केले, एका सरकारी खात्यासाठी हात धुण्यावरसुद्धा एक केला. प्रत्येक जातीच्या पिक्चरची शिस्त वेगळी असते, कॅमेरा कुठं ठेवायचा तिथपासून वेगळी, हे तासभर समजावलं. मग म्हटलं, विचारा प्रश्न.

मागच्या बाकावरून एक पोरगा उठला. “सर, दोधूभाऊ कोठे शे? त्यासले का बर नही लयनात?”

झालं. सगळा हॉल टाळ्या वाजवायला लागला. प्राचार्यसुद्धा. पालथ्या घड्यावर पाणी.

दोधू शहादा-धडगाव रोडवर जीप चालवायचा. पहिल्यांदा दिसला तेव्हा पंक्चर झालेल्या जीपशेजारी उभा राहून पॅसेंजरांना शिव्या देत होता, आणि पॅसेंजर पोट धरून हसत होते. मी त्याला उचलला आणि विनोदी पिक्चरात घातला. मिशी त्याची, कबूल. झाडूसारखी जाड, ओठावरून खाली उतरलेली. पण रडायच्या सीनला वरचा ओठ दाबून धरायचा आणि मिशी थरथरू द्यायची, हे डोकं माझं. आज नंदुरबारपासून चाळीसगावपर्यंत वरातीत पोरं त्याची नक्कल करतात. माझं नाव विचारा, एकाला सांगता यायचं नाही.

१९ सप्टेंबर

चुनीलाल शेठकडे गेलो. केळीचा व्यापारी माणूस, पण पहिला सोडला तर माझ्या सगळ्या पिक्चरांना पैसा त्याचाच. त्याला ‘सातवं वळण’ची गोष्ट सांगितली. घाटातला एक जीप ड्रायव्हर. बायको आजारी, तिला दवाखान्यात न्यायला निघतो, सातव्या वळणावर दरड पडलेली. ती तिथंच त्याच्या मांडीवर जाते. गाणं नाही, कोटी नाही, काही नाही.

शेठ म्हणाला, “हेमकांतभाई, रडायला लोक पिक्चरला कशाला येतील? ती सोय घरी आहे.”

मी हटलो नाही. म्हटलं, पन्नाशी उलटली. एक पिक्चर असा करू द्या की लोक चिडीचूप घरी जातील. मेल्यावर माझं एवढं एक नाव राहू दे. डोळ्यांत पाणी आलं माझ्या, खोटं कशाला लिहू. शेठ विरघळला. अट एकच, पुढचा पिक्चर विनोदी आणि त्यात दोधू. हो म्हटलं.

५ ऑक्टोबर

ड्रायव्हरच्या कामाला पुण्याहून नट आणला होता. नाटकातला, खोल आवाजाचा, दाढी राखलेला. चांदसैली घाट दाखवायला नेला तर तिसऱ्या वळणावर ओकला, पाचव्यावर म्हणाला, “सर, मला खाली सोडा.” संध्याकाळच्या गाडीनं गेलासुद्धा.

घरी येऊन कामिनीला सांगितलं. ती भाजी निवडत होती. म्हणाली, “मग दोधूभाऊला घ्या की. जीप चालवता येते, घाट पाठ आहे, बायको आहे. अजून काय लागतं?”

बायको माझी, पण जीभ कातरीसारखी.

दुसरा इलाज मात्र नव्हता. दोधूला बोलावून सांगितलं, या पिक्चरमध्ये मिशी हलवायची नाही. चेहरा दगड. तो म्हणाला, “बरं भाऊ.” कुठल्याही गोष्टीला तो बरंच म्हणतो.

२६ ऑक्टोबर

दिवाळीचा फराळ घेऊन दोधू आला. त्याच्या बायकोनं, तापीबाईनं, केलेल्या सांजोऱ्या. निघताना दारात थांबला. “भाऊ, आशानी मायनी तब्येत नरम शे. सुरतले लई जानं पडी. शूटिंग थोडी मव्हरे ढकलता यी का?”

वीस वर्षांत त्याच्या तोंडून बायकोचं नाव मी ऐकलं नाही. आशा त्याची एकुलती मुलगी, म्हणून बायको ‘आशानी माय’.

मी म्हटलं, अरे दोधू, घाटातलं गवत आत्ता पिवळं पडतंय. पंधरा-वीस दिवसांत लोक ते कापून नेतील. तो रंग मला पुन्हा कोण देणार? सुरतेला आशा आहे ना सोबतीला? तो म्हणाला, “शे.” मग म्हणाला, “बरं भाऊ.”

नटाचं नाव झालं की त्याच्या घरी नेमकी शूटिंगच्या तोंडावर आजारपणं निघतात. कठोर वाटेल, पण इथं कोण वाचायला येणार आहे.

६ नोव्हेंबर

काम जोरात चाललंय. येणारी-जाणारी प्रत्येक जीप थांबते आणि लोक “दोधूभाऊ!” म्हणून ओरडतात, तो वैताग आहेच. पण दोधू बरा करतोय. मला वाटलं होतं त्याहून बरा.

घाटात रेंज फक्त एका खडकावर येते. मधल्या वेळात तो तिथं चढून सुरतेला आशाला फोन लावतो. खाली उतरतो तेव्हा चेहरा असा काही झालेला असतो की मी पळत जाऊन कॅमेरा लावतो. आज असिस्टंटला सांगून ठेवलं, महत्त्वाच्या शॉटच्या आधी त्याला फोन करू देत जा. दिग्दर्शन म्हणजे आणखी काय असतं? नटाला कुठून काय मिळतं ते हेरणं.

११ नोव्हेंबर

तापीबाई सकाळी सुरतेत वारल्या.

खडकावरूनच कळलं. दोधू खाली उतरला, जीपमध्ये बसला आणि चावी लावली. शूटिंगची जीप होती ती, पण कोणी अडवलं नाही. मीही नाही.

वाईट वाटलं. खरंच वाटलं. माझ्या पहिल्या पिक्चरला पैसे नव्हते तेव्हा आख्ख्या युनिटला त्या बाईनं कळण्याच्या भाकरी आणि ठेचा खाऊ घातलाय. रात्री जेवण गेलं नाही.

शेवटचा सीन राहिलाय. मांडीवर जाण्याचा.

१४ नोव्हेंबर

कामिनीला घेऊन दोधूकडे दारवर गेलो. मयताच्या घरी भेटायला जायचं त्याला आमच्याकडे दारवर जाणं म्हणतात. बायका गल्लीच्या तोंडापासून रडत येतात, आतल्या बायका रडत सामोऱ्या होतात. पुरुष बाहेर सतरंजीवर डोक्यावरून टॉवेल घेऊन बसतात.

दोधू मध्ये बसला होता. आणि लोक काय करत होते? त्याच्याकडे बघत होते. एका लहान मुलीला खुदकन हसू फुटलं, तिच्या आईनं चापट मारली आणि स्वतःच पदर तोंडाला लावला. खापरहून आलेले एक म्हातारे हात जोडून म्हणाले, “दोधूभाऊ, माफ करजा, पन तुमले देखं का हासू येस.” एकानं जाताना फोटो काढून घेतला. गाढवं साली. मला त्यांची खरंच चीड आली.

निघताना दोधू मला भिंतीशी घेऊन गेला. “भाऊ, माले आठे रडता येत नही. मी तोंड जरासं वाकडं करं का लोके हासतस.”

त्याचा डोळा कोरडा होता. चार दिवसांपासून कोरडा, म्हणाला. मला कणव आली. आणि त्याच क्षणी डोक्यात लख्ख प्रकाश पडला: दहावा! मुलगा नाही म्हणजे क्रिया हाच करणार, आणि दहाव्याला डोकं आणि मिशी, दोन्ही जाणार. माझे निम्मे शॉट मिशीचे. कंटिन्युइटी मेली की पिक्चर मेला.

तिथंच सांगून टाकलं. म्हटलं, पुतण्या आहे ना, सुकलाल, त्याला बसव दहाव्याला. चालतं तसं, नंतर पुन्हा काही शॉट घ्यावे लागले तर मिशी पाहिजे. आणि त्याआधी एक दिवस घाटात ये. तिथं तुला कोणी हसणार नाही, दोधू. तिथं पाहिजे तेवढं रड.

त्यानं डोक्यावरचा टॉवेल नीट केला. मग म्हणाला, “बरं भाऊ.”

गाडीत कामिनीनं विचारलं, एवढं काय बोलत होतात? सांगितलं. तिनं गाडी थांबवायला लावली आणि मागच्या सीटवर जाऊन बसली.

१८ नोव्हेंबर

आजचा दिवस माझा.

सुकलालनं दोधूला मोटरसायकलवर सोडलं. दहावा व्हायच्या आधी घराबाहेर पडला म्हणून भाऊबंद कुरकुरले म्हणे. कुरकुरू देत. दोधू सातव्या वळणावर रस्त्यातच मांडी घालून बसला. बायकोचं काम करणारी रंजिता, नंदुरबारची मुलगी, त्याच्या मांडीवर डोकं ठेवून निजली. मी म्हटलं, दोधू, सावकाश. ॲक्शन.

असं रडणं मी उभ्या आयुष्यात पाहिलेलं नाही. आधी काहीच नाही. मग हात तिच्या केसांवरून फिरला, आणि पोटातून एक आवाज आला, माणसाचा म्हणवेना असा. “आशानी माय, ऊठ वं. ऊठ ना. घाट उतरी गया, देख.”

कट! पात्राच्या मुलीचं नाव सुमा आहे, ‘सुमानी माय’ म्हणायचं. आणि रंजिताचे डोळे वाहत होते. प्रेतानं रडायचं नसतं, एवढं तरी कळायला पाहिजे. पुन्हा घेतला. पुन्हा आशानी माय. तिसऱ्यांदाही तेच. दोधू म्हणाला, “भाऊ, तेच निंघस तोंडमाईन.” म्हटलं राहू दे, डबिंगमध्ये बदलू. तिसरा टेक सोन्यासारखा आलाय. मिशी हलवू नको म्हणून बजावलं होतं, ती थोडी हलली. पण रडताना कोणाची हलणार नाही? मला चालेल.

पॅकअप झालं तरी तो रस्त्यातच बसून होता. दोन्ही बाजूंना जीपा हॉर्न वाजवताहेत, हा उठेना. असिस्टंट घाबरला. मी म्हटलं, याला म्हणतात भूमिकेत शिरणं.

२० नोव्हेंबर

दोधूकडे दहावा झाला. सुकलालनं केस दिले. मी एडिटिंगला बसलो होतो, कामिनी जाऊन आली. म्हणाली, दोधूभाऊ सगळा वेळ मिशीवर रुमाल धरून बसले होते.

१० डिसेंबर

डबिंग. दोधूनं ‘सुमानी माय’ पहिल्या फटक्यात म्हटलं, स्वच्छ, ओठाला ओठ जुळवून. खरा कसबी. हेडफोन काढून मग विचारतो, “पहिलंवालं नाव ठेवता नही यी का, भाऊ?” त्याला समजावलं की पात्राच्या मुलीचं नाव सुमा आहे, लोक गोंधळतील. तो म्हणाला, बरं.

इकडे चुनीलाल शेठनं सारंगखेड्याच्या यात्रेत फ्लेक्स लावलाय. त्यावर दोधूचा जुना फोटो, मिशीला पीळ देताना, डोळा मारताना! कडाकडा भांडलो. शेठ म्हणाला, “लोकांना थेटरात तर येऊ द्या भाई. आत गेल्यावर रडवा हवं तेवढं.”

९ जानेवारी

रात्रीचे दोन वाजलेत, पण लिहूनच झोपणार.

शहाद्यात पहिला खेळ. हाउसफुल्ल. धडगावहून जीपा भरून लोक आले. दोधू पुढच्या रांगेत, शेजारी आशा. मी मागे भिंतीला टेकून उभा. लोक हसायला आले होते, मला माहीत होतं. पण पहिल्या अर्ध्या तासात मी त्यांना गप्प केलं. मी केलं! पोरांनी मोबाइल खिशात घातले. दरड कोसळली तेव्हा माझ्या पुढची बाई पदरानं डोळे पुसत होती. वाटलं, हेमकांत, जिंकलास बाबा.

मग तो सीन आला. दोधूचा हात केसांवरून फिरला. चेहरा पडदाभर. आणि मिशी थरथरली.

मागून कोणीतरी ओरडलं, “मिशी देख, मिशी!”

आख्खं थेटर फुटलं. शिट्ट्या, टाळ्या, खुर्च्या बडवणं. मघाशी डोळे पुसणारी ती बाई पोट धरून हसत होती. तो पोटातला आवाज आला तर काहींनी तसाच आवाज काढून दाखवला. “ऊठ वं, ऊठ वं!” सगळं थेटर एका सुरात. माझ्या पिक्चरचा शेवट कोणाला ऐकूसुद्धा आला नाही. वाटलं पडदा टराटरा फाडून टाकावा.

आशा मध्येच उठून बाहेर गेली. दोधू बसून राहिला.

दिवे लागल्यावर पोरांनी त्याला खांद्यावर घेतलं. “दोधूभाऊ, एकदाव करी दखाडा ना! एकदाव!” तो गर्दीवरून मला शोधत होता. आमची नजर भेटली. मला तिथून कधी एकदा निघतो असं झालं होतं. मी मान हलवली, कर बाबा आणि मोकळा हो.

त्यानं वरचा ओठ दाबला आणि मिशी थरथरवली. छप्पर उडेल एवढ्या टाळ्या पडल्या.

१० जानेवारी

माझा एकुलता एक खरा पिक्चर दोधूच्या मिशीनं खाल्ला. सांगितलं होतं, हलवू नको. सांगितलं होतं की नाही? आपण माणसाला रस्त्यावरून उचलावं, घडवावं, आणि त्यानं नेमक्या वेळी माती करावी.

कामिनीला हेच म्हणालो. तिनं चहाचा कप आपटला. “दहाव्याला ती मिशी जाऊ दिली असती आणि मग तो सीन घेतला असता, तर काल कोण हसलं असतं?”

तिला म्हटलं, तुला कंटिन्युइटी म्हणजे काय कळत नाही.

ती म्हणाली, “नाही कळत. तुम्हाला दारवर जाणं कळत नाही, तसंच.”

दुपारी चुनीलाल शेठ पेढे घेऊन आला. “हेमकांतभाई, कॉमेडीच केली होती की तुम्ही! उगा घाबरवलंत मला.” त्याला तो तेवढा सीन कापून मोबाइलवर सोडायचाय, वर हसण्याचा आवाज लावून. पिक्चर त्याचा, पैसा त्याचा. मी नाही म्हणायला पाहिजे होतं. मी म्हटलं, खाली दिग्दर्शक म्हणून माझं नाव घाला.

घातलं नाही.

१५ जानेवारी

संक्रांतीचा तिळगूळ घ्यायला माणसं येत-जात होती. दार वाजलं. बाहेर एक टकला, सपाट तोंडाचा माणूस उभा. मी विचारलं, कोण पाहिजे?

तो “भाऊ” म्हणाला, तेव्हा ओळखलं.

“अरे, हे काय केलंस?” माझा आवाज चढला. पुढच्या महिन्यात शेठचा विनोदी पिक्चर सुरू व्हायचाय. त्याची अटच ही.

दोधू म्हणाला, “आशानी मायना दहावा ऱ्हाई जायेल व्हता, भाऊ. तो कया.”

वरचा ओठ पांढराफटक दिसत होता. वीस वर्षांत त्याला ऊन लागलेलं नाही. कामिनी आतून पाण्याचा तांब्या घेऊन आली आणि त्याच्याशी, दहाव्याहून न्हाऊन आलेल्या माणसाशी बोलावं तसं, हळू काहीतरी बोलली. मला ऐकू आलं नाही. मी मनात हिशेब मांडत होतो. म्हटलं, ठीक आहे दोधू. दोन-अडीच महिन्यांत येईल मिशी पहिल्यासारखी. तोवर मी एक भुताचं लिहून ठेवतो.

तो पाणी प्यायला. या खेपेला बरं म्हणाला नाही.

१४ मार्च

भुताच्या पिक्चरसाठी जागा बघायला धडगावला निघालो. खरं तर दोधूला गाठायचं होतं. ऐकलं होतं, तो पुन्हा जीपवर आहे. फोन उचलत नाही. शेठ विनोदी पिक्चरचं रोज विचारतो.

स्टँडवर त्याचीच जीप लागली होती. मी पुढच्या सीटवर त्याच्या शेजारी बसलो. त्यानं माझ्याकडे पाहिलं, ओळखीची मान हलवली आणि पॅसेंजर मोजत राहिला. मी त्याच्या ओठाकडे बघत होतो. दोन महिन्यांत टाळूवर केस बोटभर वाढलेत. मिशीच्या जागी मात्र गुळगुळीत, सकाळीच फिरवलेला वस्तरा, एका बाजूला लागलेलंही होतं. म्हणजे हा रोज करतोय. रोज सकाळी उठून करतोय.

जीप भरली. मागे कॉलेजची पोरं होती. घाट लागायच्या आत एकानं मोबाइलवर तो तुकडा लावला. ‘ऊठ वं, ऊठ ना’ आणि वर तो हसण्याचा आवाज. पोरं खिदळायला लागली, शेजारची एक म्हातारीसुद्धा. पुन्हा लावला. पुन्हा खिदळले. पुढे बसलेला ड्रायव्हर कोण, ते एकालाही कळलं नाही. दोधू दोन्ही हातांनी स्टिअरिंग धरून वळणं घेत होता.

मला म्हणायचं होतं, बंद करा रे ते. तोंड उघडलंही होतं. तेवढ्यात मागून एकानं माझ्या खांद्याला हात लावला. लोणखेड्याच्या कॉलेजातलाच होता, मला ओळखलं त्यानं.

“सर, तुम्हीच डायरेक्टर ना? दोधूभाऊ आते काय करतस?”

आम्ही सातव्या वळणावर होतो. दोधूनं गाडी हळू केली, हॉर्न दिला, गियर बदलला. माझ्याकडे बघितलं नाही.

मी म्हटलं, माहीत नाही.

धडगावला उतरलो. भाडं दिलं, त्यानं इतरांसारखंच घेतलं आणि खिशात टाकलं. जागा काही बघितल्या नाहीत. परतीला दुसऱ्या जीपनं आलो.